कनिष्ठाच्या बढतीचा पेढा

बोलायला सुरुवात वहिनींनीच केली. "यांच्या डब्याच्या पिशवीला मुंग्या लागल्या होत्या. उलटी करून बघते तर तळाशी पेढा, कागदात गुंडाळलेला. आठ दिवसांचा."

ऑफिसात सहा वर्षांनी कनिष्ठ असलेल्या सहकाऱ्याची वरिष्ठ लिपिक म्हणून ऑर्डर निघाली होती, त्याचे हे पेढे. दादांनी (नाव सांगत नाही, ओळखीचे तपशीलही बदलले आहेत) हसून अभिनंदन केलं, पेढा घेतला. मग तो खाववेना आणि टाकवेनाही.

२००१ साली लिपिक म्हणून लागलेले दादा आजही लिपिकच आहेत. संवर्ग लहान, वरची पदं मोजकी, कुणी निवृत्त झाल्याशिवाय जागा रिकामी होत नाही. इतकी वर्षं त्यांनी ते मान्य केलं होतं. पण जागा रिकामी झाली आणि मागचा पुढे गेला, हे सोसवेना. झोप उडाली. गावच्या जत्रेला जाणं बंद केलं, कारण चुलते हमखास विचारणार, "काय रे, साहेब झालास का?"

माझ्याकडे मन मोकळं करायला येणारे बरेच सरकारी कर्मचारी हेच विचारतात: एवढी वर्षं इमानेइतबारे काम केलं, मग माझ्यात काय कमी आहे? त्यांना घरचे, मित्र, सगळे सांगतात की मनाला लावून घेऊ नका. मला हा सल्ला अजिबात पटत नाही. पगार, निवृत्तिवेतन आणि चारचौघांतला मान ज्यावर ठरतो, ते माणूस मनाला लावून घेणारच. आधी कागद बघावा, मग मनाचं बोलावं.

दादा म्हणत होते, "साहेबांनी मुद्दाम डावललं." मी विचारलं, "डावलण्याचं कारण लिहिलेला कागद पाहिलात का?" नव्हता पाहिला. ज्येष्ठता यादी दरवर्षी हरकतींसाठी फिरते, तीही ते न वाचता सही करून पुढे सरकवत. त्याहून मोठी गोष्ट तिसऱ्या भेटीत, बोलता बोलता निघाली. आश्वासित प्रगती योजनेचा पहिला लाभ त्यांना २०१३ मध्ये, बारा वर्षांनी मिळाला होता. पुढे २ मार्च २०१९ च्या शासन निर्णयाने १०, २० आणि ३० वर्षांचे तीन लाभ आले. म्हणजे २०२१ मध्ये वीस वर्षं भरताच पुढचा लाभ तपासला जायला हवा होता. बढतीची जागा नसली तरी वरची वेतनश्रेणी मिळावी, यासाठीच तर ही योजना. तोही अडकला होता, आणि दादांनी चार वर्षं त्याची चौकशीच केली नव्हती. "मागायला गेलो की आपण हावरे दिसतो," म्हणाले.

मी त्यांना अर्ज लिहायला बसवलं. विभागीय पदोन्नती समितीच्या बैठकीचं इतिवृत्त आणि स्वतःचे गोपनीय अहवाल (वर्षभराच्या कामावर वरिष्ठांनी लिहिलेले शेरे) माहिती अधिकारात मागवले. कारण एका ओळीचं निघालं: दोन वर्षांचे गोपनीय अहवाल उपलब्ध नाहीत. कोविडच्या काळात त्यांची ड्यूटी दुसरीकडे लागली होती. तिथल्या साहेबांना वाटलं मूळ कार्यालय लिहील, मूळ कार्यालयाला वाटलं ते लिहितील. ती ओळ दादांनी तीनदा वाचली आणि चष्मा काढून बराच वेळ गप्प बसले. ज्या साहेबांचा ते राग करत होते, ते त्या वेळी या कार्यालयात नव्हतेच.

बढती हा हक्क नाही, पण बढतीसाठी आपला विचार होणं हा घटनेच्या सोळाव्या कलमाने दिलेला मूलभूत हक्क आहे. गोपनीय अहवालातला प्रत्येक शेरा कर्मचाऱ्याला कळवलाच पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये देव दत्त प्रकरणात सांगितलं. मग अहवालच लिहिला गेला नाही, तर त्याचा फटका कर्मचाऱ्याने का सोसायचा? अर्जात आम्ही नेमकं हेच लिहिलं, आणि कनिष्ठाच्या तारखेपासून मानीव दिनांकही, म्हणजे त्याच तारखेला आपलीही बढती झाली असं धरलं जावं हेही, मागितलं.

"मॅटमध्ये गेलो तर साहेब वाकड्यात शिरतील," ही भीती दादांनी बोलून दाखवली. ती खोटी नाही, म्हणून मी ती उडवून लावली नाही. पण मुदत मात्र ठणकावून सांगितली. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, अंतिम आदेशापासून एका वर्षात जावं लागतं. निवेदन देऊन सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर त्यानंतर एक वर्ष मिळतं. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही, आणि चांगल्या चांगल्या प्रकरणांचा तिथेच घात होतो. सेवाविषयक वकिलाचा सल्ला त्यांनी त्याच महिन्यात घेतला. मुदतीची तारीख वहिनींनी स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर लाल पेनाने लिहून ठेवली.

न्यायाधिकरणात जायची वेळ अजून आलेली नाही. आस्थापना शाखेने अहवाल का नाहीत याची टिप्पणी तयार केली आणि वीस वर्षांच्या लाभाचा आदेश निघाला. बढतीचं प्रकरण पुढच्या समितीसमोर आहे. दादांना झोप लागते, रोज नाही.

मागच्या आठवड्यात एक जानेवारीची ज्येष्ठता यादी फिरत त्यांच्या टेबलावर आली. त्यांनी ड्रॉवरमधून पट्टी काढली, आपल्या नावाखाली ठेवली आणि एकेक रकाना बोट ठेवून वाचला. जन्मतारीख, नेमणुकीची तारीख, परीक्षा. शिपाई खोळंबून उभा होता. "थांब जरा," म्हणाले, आणि पूर्ण वाचून मगच सही केली.