सापडलेलं फुटेज? नव्हे, वाकळपट!

सोलापुरातल्या एका विद्यार्थिनीचा प्रश्न आहे : जुने बातमीपट, जाहिराती, घरगुती फिती यांचे तुकडे जोडून केलेल्या प्रायोगिक लघुपटाला, म्हणजे इंग्रजीतल्या 'फाउंड फुटेज' फिल्मला, मराठीत 'सापडलेलं फुटेज' म्हटलं तर चालेल का?

नाही चालणार. सापडते ती हरवलेली वस्तू. हे तुकडे हेरून उचललेले असतात. आणि 'फाउंड फुटेज म्हणजे जंगलात कॅमेरा सापडतो तो भुताचा सिनेमा' हे ऐकून तर कान किटलेत. तिथं सगळं नव्यानं चित्रित करून सापडल्याचा बहाणा करतात. अमेरिकी प्रयोगशील चित्रपटकार ब्रूस कॉनरनं मात्र १९५८ साली 'अ मूव्ही' केला तो दुसऱ्यांच्या तुकड्यांतून. पाणबुडीतला माणूस पेरिस्कोपला डोळा लावतो, पुढच्या तुकड्यात बाई दिसते, मग टॉर्पेडो सुटतो. या तुकड्यांचं एकमेकांशी नातं नव्हतं. ते कात्रीनं जोडलं.

काही परिभाषावाले 'संकलनपट' सुचवतात. अहो, संकलन कुठल्या चित्रपटाचं होत नाही?

आपल्याकडे शब्द घरातच आहे : वाकळ, म्हणजे जुन्या कापडांचे तुकडे जोडून शिवलेली गोधडी. संस्कृत वल्कल (झाडाची साल), प्राकृत वक्कल, मराठी वाकळ. कर्म-कम्म-काम तसंच हे. 'झाडाच्या सालीचा गोधडीशी काय संबंध?' असं नाक मुरडणारे जाणकार मला भेटलेत. साल हे माणसाच्या जुन्यात जुन्या पांघरुणांपैकी एक, एवढं त्यांनी ध्यानात घ्यावं. घायपाताचा वाख, म्हणजे त्याच्या पानांतले धागे, हा शब्दही माझ्या मते याच वल्कलाच्या कुळातला. आता गंमत बघा. इंग्रजी 'फिल्म'चा मूळ अर्थ पातळ कातडी, पापुद्रा! म्हणजे वाकळ सालीतून आली आणि फिल्म कातडीतून. शिवाय 'चित्रपट'मधला पट म्हणजे कापडच. 'वाकळपट' या एका शब्दात साल, कातडी आणि कापड एकत्र येतात. इतका नेमका शब्द दुसरा दाखवा.

सोलापूरकरांना तर फरक समजावून सांगायलाच नको. चादर मागावर येते ती नव्या सुतातून, नक्षी आधी ठरवून. वाकळ शिवायला बसणारी बाई आधी गाठोडं सोडते, जीर्ण लुगडी-धोतरं पसरते आणि मग कडेनं धावदोरा घालत आत येते. कुठला तुकडा कुठं, हे हातात कापड आल्यावर ठरतं. कन्नड घरांत हिलाच कौदी म्हणतात. आणि पांघरल्यावरही तुकडा स्वतःची ओळख सोडत नाही. माझ्या लहानपणीच्या वाकळेत पायथ्याशी आत्याच्या लुगड्याचा हिरवा काठ होता. अंधारातही बोटांना तो लागायचा.