'स्पा'ला मराठीत काय म्हणावं? आधी पाणी की हवा, ते ठरवा

प्रश्न असा: फ्रेंच दिग्दर्शक ज्यां व्हिगोच्या 'आ प्रोपो द नीस' (१९३०) या, फ्रान्समधल्या नीस शहरावरच्या मूकपटाची ओळख लिहिताना 'स्पा रिसॉर्टमधलं उच्चभ्रू जीवन' हे मराठीत कसं म्हणावं? 'आरोग्यधाम' चालेल का?

आरोग्यधाम नको, त्याला फिनाइलचा वास येतो. 'स्पा' तसाच ठेवला तर वाचकाला मॉलमधलं तेल-मालिश आठवणार. स्पा हे मुळात बेल्जियममधलं झऱ्यांचं गाव; त्याचंच नाव अशा सगळ्या गावांना चिकटलं. चेक देशातल्या कार्लोव्ही व्हारीला लोक तोटीच्या पेल्यातून ऊन खनिजपाणी घोट घोट पीत खांबांच्या ओवरीत फेऱ्या मारतात. आपल्याकडे ऊन पाण्याच्या झऱ्याला 'उन्हाळं' हा अस्सल शब्द आहे. राजापूरजवळचं उन्हाळे, पालीजवळचं उन्हेरे ही गावांची नावंच बघा. पण तिथे माणूस आंघोळ करतो, देवाला हात जोडतो आणि घरी येतो. नवी टोपी मिरवायला महिनाभर मुक्काम कोण करतो? म्हणून युरोपातल्या त्या गावांना मी साधं 'झऱ्यांचं गाव' म्हणेन.

नीस मात्र त्यातलं नव्हेच. तिथे श्रीमंत मंडळी हिवाळ्यात समुद्रकाठच्या उन्हासाठी येत. म्हणजे मामला पाण्याचा नाही, हवेचा. आणि त्याला आपला 'हवापालट' तयार आहे. या शब्दात आजारी माणूसही मावतो आणि महाबळेश्वरला मिरवायला जाणाराही. व्हिगो स्वतः क्षयामुळे नीसला आलेला. छायाचित्रकार बोरिस कॉफमनला चाकाच्या खुर्चीत बसवून, कॅमेरा लपवून त्यांनी समुद्रकाठच्या रस्त्यावर चित्रण केलं. हवापालटाच्या गावात चाकाच्या खुर्चीकडे कोण वळून बघतो!

'उच्चभ्रू' इथे फारच सभ्य वाटतो. चित्रपटात खुर्चीत बसलेल्या एका बाईचे कपडे दर दृश्याला बदलत जातात आणि शेवटी ती विवस्त्रच दिसते. मग जुन्या नीसच्या बोळांत वाळत घातलेली धुणी. एवढा टोमणा मारणाऱ्या चित्रपटाला 'माहितीपट'ही मला पचत नाही, पण रूढ आहे तर राहू दे.

मी असं लिहीन: 'हवापालटाच्या गावातल्या बड्या लोकांची टर उडवणारा मूक माहितीपट'.