ठेवणाऱ्याला विचार

प्रिय पोरी,

तुझं पत्र दोनदा वाचलं. पासपोर्टचा अर्ज भरायच्या आधी राजपत्रात नाव बदलून घ्यायचं म्हणतेस. इंटरनेटवर तीन ठिकाणी तुझ्या नावाचे तीन अर्थ सापडले, चौथ्या ठिकाणी ते नावच नव्हतं, आणि जर्मनीत गेल्यावर लोकांना ते उच्चारता येणार नाही ही धास्ती. एवढं सगळं लिहिलंस, पण आजीनं ते नाव का ठेवलं याबद्दल एक ओळ नाही. म्हणजे तू तिला विचारलेलंच नाहीस.

नाव बदलू नकोस असं मी म्हणत नाही. खुशाल बदल. पण आधी ठेवणाऱ्याला विचार.

माझं नाव दगडा. १९७५ साली लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीनं 'सुहासिनी' लिहिलं गेलं तेव्हा मला काय आनंद झाला होता! शाळेत पोरं नावावरून चिडवायची, कॉलेजात मी नुसती आद्याक्षरं सांगायची. सासरी आल्यावर राजपत्रात जाहिरात देऊन मी स्वतः कागदोपत्री सुहासिनी झाले. पहिल्या दिवाळीला आई फराळाचा डबा घेऊन आली आणि दारातूनच तिनं हाक मारली, "दगडे!" माजघरात पाहुणे बसलेले. मी बाहेर जाऊन तिला सांगितलं, "इथं या नावानं हाक मारायची नाही." ती "बरं" म्हणाली. त्यानंतर सोळा वर्षं तिनं मला कुठल्याच नावानं हाक मारली नाही. "ऐकलंस का", "अगं" एवढंच. सुहासिनी तिच्या तोंडून कधी आलं नाही, आणि दगडा मी बंद केलं होतं.

१९९१ला आई गेली. तेराव्याला मावशीनं सांगितलं ते असं. माझ्याआधी आईला दोन मुलगे झाले. पहिला आठव्या दिवशी धनुर्वातानं गेला, दुसरा वर्षाचा होऊन गोवरानं. मी झाले तेव्हा बाराव्या दिवशी पाळणा सजवला नाही, पाळणा म्हटला नाही. आईनं ओढ्यातला एक धोंडा आणला, त्याला तेल लावून न्हाऊ घातलं आणि पाळण्यात निजवलं. मला उकिरड्यावर ठेवलं. शेजारणीनं उचललं आणि आईनं पसाभर जोंधळे देऊन मला तिच्याकडून विकत घेतलं. दगडाला कोण नेतंय, म्हणून दगडा.

शब्दकोशात बघ, दगड म्हणजे पाषाण. मराठीची बाई असून मी तेवढ्याच अर्थावर सदतीस वर्षं जगले. ज्या बाईकडे खरा अर्थ होता ती डबा घेऊन दारात उभी होती आणि मी तिला गप्प केलं. म्हणून सांगते, ठेवणाऱ्याला विचार. ठेवणारा आहे तोवर विचार.

माझं नाव काही एकटं नाही. केरू, उकिर्डा, भिकाजी, धोंडू, नाक टोचलं म्हणून नथू, ही सगळी अशीच मृत्यूला चकवायला ठेवलेली नावं. महर्षी कर्वे यांचं नाव धोंडो, आपल्याला ते इतकं ओळखीचं झालंय की त्यातला धोंडा कुणाला दिसत नाही. मंगोलियात मुलं दगावत असली की पुढच्याचं नाव ठेवायचे नेरग्वी, म्हणजे 'नाव नसलेला'. किंवा एनेबिश, 'हा नव्हे'. किंवा हुनबिश, 'माणूसच नाही'. वाईट शक्ती दारात आली तर तिला वाटावं, इथं नेण्यासारखं कुणी नाही. नायजेरियातल्या योरुबा लोकांची समजूत अशी की एकच मूल पुन्हा पुन्हा जन्माला येतं आणि पुन्हा पुन्हा जातं. अशा मुलाला ते नावातूनच विनवतात. मालोमो, 'आता परत जाऊ नकोस'. दुरोजाइये, 'थांब, आयुष्य भोग'. हे मला कळलं तेव्हा मी पन्नाशीच्या पुढे होते. शाळेच्या वाचनालयात बसून रडले होते.

आता याची दुसरी बाजू. माझ्या वर्गात एक नकुशा होती. आमच्या सातारा जिल्ह्यात अशा पुष्कळ होत्या. मुलीवर मुलगी झाली की 'नकोशी'. २०११ साली जिल्ह्यात २८५ मुलींची नावं समारंभ करून बदलली. ते अगदी योग्य झालं. तिथं ठेवणाऱ्यांना विचारायची सोय होती, आणि उत्तर एकच होतं: नको होती. चीनमध्ये झाओदी हे मुलीचं नाव ऐकायला किती गोड! अर्थ मात्र 'धाकट्या भावाला बोलावून आण'. नकुशा आणि दगडा, दोन्ही नावं कानाला सारखीच बोचतात. एकीत 'जा' आहे, दुसरीत 'राहा' आहे. कुठल्या नावात काय आहे हे शब्दकोश सांगणार नाही आणि तुझा फोन तर मुळीच सांगणार नाही. ठेवणाऱ्याला विचार.

तू म्हणशील, सगळीच नावं अशी गूढ नसतात. खरंय. घानातल्या अकान लोकांत शुक्रवारी झालेला मुलगा कोफी. संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस होते ना, त्या कोफी अन्नान यांचा जन्म ८ एप्रिल १९३८चा, त्या दिवशी शुक्रवारच होता. पण ते जुळ्यातले एक, म्हणून त्यांच्या नावात 'अट्टा' म्हणजे 'जुळा' हेही आहे. वार पंचांगावरून कळेल. पाळण्यात दोघं होती, हे घरचंच माणूस सांगतं.

आणि उच्चाराची काळजी मला नको सांगूस. हिब्रू योहानान, म्हणजे 'देवानं कृपा केली', याचं जर्मनीत हान्स झालं, रशियात इव्हान, अरबीत याह्या. गोव्यात २४ जूनला पोरं विहिरीत उड्या टाकतात त्या सांजांवातला जांवही तोच. मुंबईत १७९६ साली बेने इस्रायलांचं, म्हणजे आपल्या कोकणातल्या ज्यूंचं, पहिलं प्रार्थनामंदिर बांधणारे सॅम्युअल इझिकेल दिवेकर कोकणी माणसांच्या तोंडी सामाजी हसाजी होते. नावं जिभेजिभेवर वाकतात, मोडत नाहीत. जर्मन लोक तुझं नाव थोडं वाकडं म्हणतील. म्हणू देत.

इंटरनेटवरच्या अर्थांचा मला राग आहे आणि तो मी लपवणार नाही. माझ्या सुनेनं फोनवर पाहून नातवाचं नाव रेयांश ठरवलं, अर्थ म्हणे 'सूर्यकिरणाचा अंश'. मी सांगितलं, संस्कृतात सूर्यकिरण या अर्थानं 'रेय' असा शब्द नाही. दोन महिने आमचं बोलणं बंद होतं. मी आजही म्हणते, शब्दाबद्दल माझं बरोबर होतं. तीस वर्षं व्याकरण शिकवलेल्या बाईनं खोटी व्युत्पत्ती ऐकून मान का डोलवायची? आणि बारशाच्या आधी नाही सांगायचं तर कधी सांगायचं? नंतर मुलगा म्हणाला की 'रे' तिच्या वडिलांच्या नावातला आहे, ते मूल पोटात असताना गेले. मग तिनं मला तसं सांगायचं होतं. पण मीही विचारलं नव्हतं. तिथं मी चुकले.

१९९६ला मी अर्ज करून पुन्हा दगडा झाले. कार्यालयातले लिपिक म्हणाले, "बाई, लोक याच्या उलट करतात." सेवापुस्तकातली नोंद दुरुस्त व्हायला दोन वर्षं गेली. घरच्यांना तो हट्ट वाटला. हट्टच होता तो. आई गेल्यावर पाच वर्षांनी तिनं ठेवलेलं नाव मी परत घेतलं, पण त्या नावानं हाक मारायला कुणी नव्हतं. त्यात माझं काय भलं झालं असं विचारशील, तर दर महिन्याला पगारपत्रकावर सही करताना मला तो ओढ्यातला धोंडा दिसायचा. मला तेवढं पुरे होतं.

तुझी आजी शहाऐंशीची आहे. पत्रात तू लिहिलंस की हल्ली तिला सकाळी सगळं आठवतं, संध्याकाळी गोंधळ होतो. मग शुक्रवारी रात्रीच्या एसटीनं नीघ आणि शनिवारी सकाळी तिच्या चुलीपाशी जाऊन बस. अर्थ काय, असं विचारू नकोस, ती घाबरेल. मी झाले तेव्हा घरात काय चाललं होतं, असं विचार. ती सांगेल ते मधे न बोलता ऐक आणि जमलं तर लिहून ठेव.

राजपत्राचा अर्ज सोमवारी भरू. नाव बदलायचं ठरलं तरी मी सोबत येईन, त्या कामाची मला दोनदा सवय आहे.

तुझी,
दगडाबाई