समन्स हातात पडलं की आधी तारीख पाहा

चेन्नईत भाड्याच्या जागेवर स्वतःच्या पैशाने दुकान उभं केलंय आणि आता मालकाने ताब्याचा दावा लावलाय, तर घाबरून तडजोडीला बसू नका. 1921 च्या मद्रास सिटी टेनंट्स प्रोटेक्शन ॲक्टचं कलम 9 आधी नीट वाचा. जमीन विकत मिळावी असा अर्ज कोर्टात करता येतो, पण समन्स बजावल्यापासून एका महिन्यात. लिफाफ्यावर मिळाल्याची तारीख त्याच दिवशी लिहून ठेवा. वकील ठरवण्यातच तीन आठवडे जातात, हे मी फार वेळा पाहिलंय आणि दरवेळी जीव हळहळतो.

सगळा प्लॉट मिळेल असं धरून चालू नका. बांधकामाच्या सोयीच्या वापराला लागेल तेवढीच जमीन कोर्ट ठरवतं. किंमत आदेशाच्या आधीच्या तीन वर्षांच्या सरासरी बाजारभावाने निघते. हप्ते मिळू शकतात, पण ते चुकले तर अर्ज फेटाळला जातो. म्हणून पैशाची सोय आजच बघा.

देवस्थानाची जमीन असेल तर 1996 च्या दुरुस्तीने ही वाट बंद आहे. बांधकाम मालकाचं असेल तरी हे कलम लागत नाही, त्यामुळे बांधकामाची जुनी बिलं, मंजूर नकाशा, कराच्या पावत्या शोधून काढा. आणि हो, महाराष्ट्राच्या 1999 च्या भाडे नियंत्रण कायद्यात असा खरेदीचा हक्क नाही.