कथांचे पंचांग रचणाऱ्या तरुण मित्रास

प्रिय मित्रा,
सप्रेम आशीर्वाद.

तुझी वही वाचली. वर्षाच्या बारा कथा, कथेचा एकेक अध्याय म्हणजे महिन्याचा एकेक दिवस आणि गावोगावी पारावर बसून तो दिवस सांगणारे कथेकरी, ही मांडणी मला मनापासून आवडली. शेवटच्या पानावर मात्र तू हात टेकले आहेस. उत्तरेकडच्या शहरातला कथेकरी पाल्हाळिक, दक्षिणेचा आटोपशीर. त्यामुळे एकाच दिवशी तिथे सातवा अध्याय चालू असतो आणि इथे नववा. मग खरी तारीख कोणती, असा प्रश्न पडून तू लिहितोस की आता सरळ तीस-तीस दिवसांचे महिने करावेत आणि कथांची नुसती नावे ठेवावीत. हे करू नकोस. फरक पुसू नकोस, त्याचा हिशेब ठेव. कंटाळलास तरी या पत्रात मी हेच सांगत राहणार आहे.

ज्या पंचांगाला आपण इतके नेमके मानतो, त्यातली तिथी तरी कुठे मापात असते? चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी संपते. पण त्यांची गती सारखी नसल्यामुळे ती कधी सुमारे १९ तासांत उरकते, तर कधी २६ तासांपर्यंत रेंगाळते. म्हणजे तुझ्या दोन्ही कथेकऱ्यांचे गुण एकट्या चंद्राच्या अंगी आहेत. पंचांगकर्ते त्याला शिस्त लावायला गेले नाहीत. त्यांनी सूर्योदयाला पंच नेमले. सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची, दोन सूर्योदयांच्या मध्येच सुरू होऊन संपली ती क्षयतिथी, आणि जिने दोन सूर्योदय पाहिले ती वृद्धितिथी. चांद्र वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे ११ दिवसांनी तोकडे पडते, हेही त्यांनी लपवले नाही. साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक मास घालून ती तूट भरून काढली, आणि लोकांनी त्याच धोंड्याच्या महिन्यात जावयाला ३३ अनारशांचे वाण देण्याची सोय करून घेतली.

आता हेच तुझ्या राज्यात लावून पाहा. समज, राजधानीत पहाटे नगारा वाजतो आणि त्या क्षणी जो अध्याय चालू असेल, तो त्या दिवसाचा. मग जो अध्याय कथेकऱ्याने रात्रीत सुरू करून रात्रीतच संपवला, त्याच्या वाट्याला दिवसच आला नाही. त्या अध्यायात जन्मलेल्या मुलीची जन्मतारीख कोणती, आणि वारसा वाटताना तिला थोरली धरायची की धाकटी? किंवा एका विणकराने सावकाराला लिहून दिले आहे की राजपुत्र विहिरीतून वर आला की रक्कम चुकती करीन. पैसे जमलेले नाहीत. तो नारळ आणि गुळाची ढेप घेऊन कथेकऱ्याच्या पाया पडतो, आणि त्या रात्री कथेकरी विहिरीच्या पायऱ्या मोजू लागतो, शेवाळाच्या छटा सांगतो, कपारीतल्या बेडकाची सात पिढ्यांची वंशावळ काढतो. राजपुत्र काही वर येत नाही. तोवर सावकार थैली घेऊन मागच्या दाराशी येऊन उभा राहिलेला असतो. अरे, ही तुझी कादंबरी आहे, आणि तू नेमकी तीच खोडायला निघाला आहेस!

मुंबईत राहणाऱ्याला दोन तारखांची भीती वाटावी, याचे मला नवल वाटते. देशाची प्रमाणवेळ १९०६ साली लागू झाली, तरी ३९ मिनिटे मागे असलेली आपली स्वतःची वेळ या शहराने १९५५ पर्यंत सोडली नाही. टिळक पंचांग, म्हणजे वेगळ्या गणितामुळे कधी कधी अधिक मास वेगळा धरणारे पंचांग, पाळणाऱ्या रत्नागिरीकडच्या घरांत एखाद्या वर्षी गणपती इतरांच्या महिनाभर आधी येतात. म्हणून ते खोटे ठरत नाहीत. श्रावणात वाचली जाणारी कहाणी तर साठा उत्तरांची असून पाचा उत्तरी संपूर्ण झाल्याचे शेवटी स्वतःच सांगून टाकते. तुझ्या आटोपशीर कथेकऱ्याला याहून मोठा आधार कोणता हवा? लालबाग-परळच्या जुन्या चाळींत लग्न, नोकरी, मुलांची शाळा हे सगळे गिरणी कामगारांच्या संपाच्या आधीचे की नंतरचे, असे सांगितले जाते. १९८२ चा तो संप रीतसर मागे घेतल्याचे कधी जाहीरच झाले नाही. तेव्हा ज्याचा शेवट कोणी सांगितलाच नाही, अशा अध्यायाचीही तुझ्या पंचांगात तरतूद हवी.

तू विचारले नाहीस, तरी सांगतो. माझ्या कादंबरीतली कालगणना काढून टाकली तर पुस्तक छापू, असे एका प्रकाशकाने मला कळवले होते. मी नकार दिला. पुस्तक निघाले नाही, माझ्याबरोबरचे लोक लेखक म्हणून ओळखले जाऊ लागले आणि मी मुद्रितशोधकच राहिलो. खंत आहे, ती का नसावी? पण माझ्या गोष्टीतले खटले, लग्ने, दुष्काळ सगळे त्या गणनेवरच उभे होते. ती काढली असती तर उरले असते ते कोणाही माणसाला लिहिता आले असते. घरचे याला हट्ट म्हणतात. म्हणू देत. तुझ्यावर माझा राग काढतो आहे असे वाटले, तर थोडा काढतोही आहे, कारण तुला कोणी नकार दिलेला नसताना तू आपणहून माघार घेतो आहेस.

तेव्हा नकाशा, राजांच्या वंशावळी आणि महिन्यांची गोड नावे काही दिवस बाजूला ठेव. पहाटेचा नगारा कोण वाजवतो, त्याला पगार कोण देतो आणि तो आजारी पडला तर त्या दिवसाचे काय होते, एवढेच एक पान लिही. रविवारी सकाळी मी घरीच असतो. ते पान घेऊन ये. विणकराचे कर्ज कोणत्या दिवशी फिटले यावर तुझ्याशी भांडायचे आहे, कारण माझ्या मते सावकाराने त्याच्याकडून एका दिवसाचे व्याज दोनदा घेतले.

तुझा,
एक जुना मुद्रितशोधक