मूकदरीत कुत्रा आधी मुका होतो

प्रश्न : मी अद्भुत कादंबरी लिहितो आहे. तिच्यातल्या कल्पित राज्यात एक 'मृत्युदरी' आहे. आत गेलेल्याचा आवाज कायमचा जातो आणि फार खोल उतरला तर श्वासही. तिघांना हस्तलिखित वाचायला दिलं, तिघांनाही दरी खोटी वाटली. एक तर म्हणाला, व्हिडिओ गेममधली वाटते. पण जादूच आहे ना ती? मग खरी कशी वाटणार?

उत्तर : पाठवलेली प्रकरणं वाचली. दरीच्या वर्णनात 'भयाण' हा शब्द सात वेळा आला आहे. (मोजले. तीस वर्षं भूगर्भशास्त्राच्या उत्तरपत्रिका तपासल्यावर ही खोड जात नाही.) पण अडचण तिथे नाही. पहिल्या प्रकरणात तुमचा घोडेस्वार नुसता काठावर उभा राहिला तरी मुका होतो. चौथ्या प्रकरणात नायिका थेट तळाशी जाते, गाणं म्हणते आणि ठणठणीत परत येते. का, तर ती नायिका आहे म्हणून! वाचक जादू बिनतक्रार मान्य करतो हो, वशिला नाही करत.

तुर्कस्तानात हिरापोलिस नावाच्या प्राचीन नगरीत एक गुहाद्वार आहे. लोक त्याला पाताळाचं दार मानत. दोन हजार वर्षांपूर्वी स्ट्रॅबो हा ग्रीक भूगोलकार तिथे गेला होता. त्याने लिहून ठेवलंय, की आत नेलेले बैल कोसळून मरतात. त्याने स्वतः चिमण्या सोडून पाहिल्या, त्याही पडल्या. पुजारी मात्र आत जाऊन जिवंत बाहेर येत. चमत्कारच! जमिनीच्या भेगेतून तिथे कार्बन डायऑक्साइड येतो, आजही येतो. हा वायू हवेच्या दीडपट जड, म्हणून पाण्यासारखा खाली साचतो. रात्री साचतो, दिवसा ऊन-वाऱ्याने विरतो. बैलाचं नाक त्या साठ्यात बुडतं, ताठ उभ्या माणसाचं वर राहतं. शिवाय पुजारी श्वास रोखून धरत, हे स्ट्रॅबोच्याही नजरेतून सुटलं नव्हतं.

म्हणजे त्या दाराला उंची आहे आणि वेळ आहे. तुमच्या दरीला दोन्ही नाहीत. तुम्ही नकाशा वरून काढलाय, त्यात डोंगर, नदी, किल्ला सगळं आहे. आता एका कागदावर दरीचा उभा छेद काढा. शांतता दुपारी गुडघ्यापर्यंत असते असं धरा, पहाटे छातीपर्यंत. लगेच कामं सुरू होतात. कुत्रा आधी मुका होतो. मग लहान मूल. आया पोरांना खांद्यावर घेऊन दरी ओलांडतात. वाकून बुटाची नाडी बांधायची नाही, ही तिथली पहिली शिकवण. धनगर बांबूला वर-खाली तीन घंटा बांधून पुढे धरतो आणि हलवतो. तिन्ही वाजल्या तर चला. खालची गप्प झाली तर कळप वळवा. मधलीही गप्प झाली तर कळप सोडा आणि पळा. बघा, 'भयाण' न लिहिता भीती वाटली की नाही? (घंटा घ्या वापरायला. माझ्याकडे त्यांना दरी नाही.)

नायिकेलाही हाच नियम लावा. तिला गायचंच असेल तर कशावर चढून गाईल, ते शोधा.

माझ्या पहिल्या कथेत मी एक जळतं सरोवर घातलं होतं. नातीने विचारलं, "मग मासे कुठे जातात?" मला उत्तर देता आलं नाही. ती कथा अजून कपाटात आहे.

प्रश्न : दरी इतकी घातक, तर लोक तिच्याजवळ राहतातच कशाला? आणि शेवटी मोठा उत्पात कसा घडवू?

उत्तर : ज्वालामुखीच्या उतारांवरही लोक राहतात, कारण माती कसदार असते. तुमच्या दरीनेही काहीतरी द्यायला हवं. मला सुचतं ते असं : जे कुठेच बोलता येत नाही ते बोलायला लोक तिथे येतात. काठाशी बसायचं, तोंड खाली घालायचं, म्हणायचं ते म्हणायचं. कुणाला ऐकू जात नाही. किंमत म्हणून आवाज थोडा घोगरा होतो, बस्स.

आता उत्पाताचं. कॅमेरूनमधलं न्योस तळं ज्वालामुखीच्या विवरात आहे, खोली दोनशे मीटरहून जास्त. तळातून झिरपणारा कार्बन डायऑक्साइड वरच्या पाण्याच्या दाबाखाली विरघळून राहतो, बूच लावलेल्या सोडावॉटरसारखा. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री ते बूच उडालं. वायूचा लोट उतारांवरून दऱ्यांत शिरला. सुमारे १,७०० माणसं गेली आणि साडेतीन हजारांच्या आसपास गुरं. निळं तळं तांबूस झालं, कारण तळचं लोहयुक्त पाणी वर आलं होतं. पुढे २००१ मध्ये तिथे खोलवर नळ सोडून वायू थोडा थोडा बाहेर काढायला सुरुवात झाली.

तुमच्या दरीत शतकानुशतकं काय साठलंय? लोकांनी सांगितलेलं सगळं. एका रात्री ते एकदम वर आलं तर? प्रत्येक घरात, मेलेल्या आजीच्या आवाजात, तिने कुणालाच न सांगितलेलं. मला तलवारींपेक्षा याची भीती जास्त वाटते.

प्रश्न : 'मृत्युदरी' हे नाव चालेल?

उत्तर : नाही. ते लांबून पाहणाऱ्याने ठेवलेलं नाव आहे. जवळ राहणारा भीतीचं नाव घेत नाही. आपण दिवा 'विझला' म्हणायचं टाळून 'मालवला' म्हणतो, बांगडी फुटली तरी 'वाढली' म्हणतो, रात्री साप निघाला तर 'लांबडं' म्हणतो. तुमचे धनगर तिला 'मावशी' म्हणत असतील. "मावशी आज कमरेपर्यंत आहे." मी वर मूकदरी म्हटलं, तेही परक्याचंच नाव.

प्रश्न : तळाशी ड्रॅगन ठेवू का?

उत्तर : शक्यतो नको. ठेवलाच, तर त्याची मान किती लांब आहे ते कळवा.