जपानी मांजू घरच्या मोदकपात्रात: वाचकांचे प्रश्न

मुलगा ओसाकाला असतो, येताना मांजू आणले होते, आत बीन्सचं गोड सारण असलेले छोटे वाफवलेले बन. घरी केले तर पिवळे पडले, वर खड्डे खड्डे आणि खाताना सोड्याचा वास! अझुकी, म्हणजे तिकडचे छोटे लाल बीन्स, मिळेना म्हणून राजमा घेतला होता. काय करू? — एक वाचक, चिंचवड

पिवळे पडले ते सोड्यामुळेच, मैद्यातली काही द्रव्यं सोड्याला भेटली की पिवळी होतात. जपानमधे पण सोडा घालतात पण तो जास्त करून ब्राऊन मांजूत, गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावांत मिळतात ना ते, त्यात ओकिनावाकडची काळी साखर असते त्यामुळे रंग कळतच नाही. तर एकतर पांढरे करा आणि बेकिंग पावडर घाला, नाहीतर सरळ काळपट गूळ घ्या, ती काळी साखर पण उसाचा रस आटवूनच करतात. मी गुळाचेच करीन, चव कितीतरी बरी लागते.

१०० ग्रॅम मैदा, ६० ग्रॅम गूळ, २ टेबलस्पून पाणी, अर्धा टीस्पून सोडा (सपाट हं, शीग लावून नको). गूळ पाण्यात विरघळवून गाळा आणि पूर्ण गार होऊ द्या, गरम पाकात सोडा घातला तर त्याचा जोर तिथेच संपतो. मैदा घातल्यावर पोळीच्या कणकेसारखं मळत बसू नका, वातड होतं, नुसतं गोळा करून अर्धा तास झाकून ठेवा.

सारणाचं म्हणाल तर राजमा चालतो पण साल जाड. त्यापेक्षा लाल चवळी, अझुकी आणि चवळी एकाच कुळातल्या, मूग-मटकी-उडीद पण त्यातलेच. १०० ग्रॅम चवळी उकळून पहिलं पाणी फेकून द्यायचं म्हणजे तुरटपणा जातो, मग बोटांत चिरडेपर्यंत शिजवायची आणि तेव्हाच ८० ग्रॅम साखर, आधी घातली तर दाणा आवळतो आणि मग काही केल्या मऊ होत नाही. मऊसूत हवं तर साखरेआधी पुरणयंत्रातून काढा, जपानमधे पण साल काढलेलं आणि दाणे ठेवलेलं असे दोन प्रकार असतात आणि कुठलं चांगलं यावरून तिकडे घराघरात वाद! सारण ओलं राहिलं तर मांजू फुटणारच. डाव फिरवला की कढईचा तळ क्षणभर दिसायला हवा, गार झाल्यावर अजून घट्ट होतं. चिमूटभर मीठ विसरू नका.

एवढ्यात १० होतात. पारी कडेला पातळ, मधे जाड, आणि तोंड खाली करून बटर पेपरच्या तुकड्यावर ठेवा. वाफवायच्या आधी वरून पाण्याचा हलका फवारा मारा, म्हणजे लावलेल्या मैद्याचे पांढरे डाग राहत नाहीत. आणि ते खड्डे? झाकणाचं पाणी टपकलं असणार. झाकणाला फडकं बांधा, पाणी आधी उकळू द्या, मग १०-१२ मिनिटं मधे न उघडता.

टोकियोतल्या दुकानात काउंटरवर वाफेच्या पेटीत मोठे पांढरे गोड बन दिसतात, ते हेच का? — एक वाचक, डोंबिवली

नाही, ते अनमान, यीस्टचे, थंडीतलं खाणं. अनमानचं पीठ मात्र चांगलं मळायचं आणि फुगू द्यायचं. टोकियोच्या शिंजुकू भागातल्या नाकामुराया या दुकानाने १९२७ मधे असे वाफवलेले बन विकायला सुरुवात केली आणि त्याच वर्षी आपली भारतीय करी पण! ती करी त्यांच्याकडे आली ती मालकाच्या जावयामुळे, जावई म्हणजे क्रांतिकारक रासबिहारी बोस. मांजू त्याच्या कितीतरी आधीचे, १३४९ मधे चीनमधून जपानमधल्या नारा गावी आलेल्या रिन जोइनने बौद्ध भिक्षूंना मांस चालत नाही म्हणून आत मांसाऐवजी गोड बीन्स भरले असं सांगतात.

उरलेले दुसऱ्या दिवशी कडक होतात, काय करावं? — एक वाचक, सांगली

फ्रिजमधे ठेवूच नका, त्यानेच कडक होतात. लगेच फ्रीझरमधे टाका आणि हवे तेव्हा तसेच परत वाफवा. नाहीतर मैद्याच्या पातळ पिठात बुडवून तळा, टोकियोच्या असाकुसात देवळाच्या वाटेवर असे तळलेले मांजू विकतात आणि खरं सांगू, मला ताज्यापेक्षा तेच जास्त आवडतात.